लाईट हिरवी आहे, मग मॅच का लागत नाही?

गावोगावच्या केबल आणि ब्रॉडबँड व्यावसायिकांना खुले पत्र

सप्रेम नमस्कार.

मी कराडमध्ये कम्प्युटर दुरुस्तीचं दुकान चालवतो. तुमच्यापैकी कित्येकांना केबल टीव्हीच्या काळापासून ओळखतो. तेव्हा तुम्ही गच्चीवरून गच्चीवर वायर टाकायचात, आता त्याच वाटेने फायबर गेली आहे. हे पत्र कुण्या एका कंपनीला नाही. ज्यांच्याबद्दल लिहितोय ते कराडात आहेत, इस्लामपुरात आहेत, बारामतीतही असतील. नावं घेऊन कुणाचा धंदा बसवायचा नाही. एकच गाऱ्हाणं आहे: पोरं 'ऑनलाइन गेम कनेक्ट होत नाही' म्हणून तुम्हाला फोन करतात आणि तुमचा माणूस येऊन स्पीड टेस्ट दाखवून निघून जातो.

मोबाईलवर शंभर एमबीपीएस आले की झालं. 'लाईन ओके आहे, प्रॉब्लेम गेममध्ये आहे.' गेम कंपनीच्या मदतीच्या पानावर जावं तर तिथं लिहिलेलं असतं, आपल्या इंटरनेट पुरवठादाराशी संपर्क साधा. मग पोरगं आख्खा सीपीयू उचलून माझ्या दुकानात येतं. सोबत वडील असतात, त्यांना वाटतं ग्राफिक्स कार्ड गेलं आणि आता पंधरा-वीस हजारांना फोडणी बसणार. कार्ड ठणठणीत असतं. मी त्यांना परत पाठवतो तुमच्याकडे, तुम्ही गेमकडे, गेमवाले पुन्हा तुमच्याकडे. या फेऱ्या थांबाव्यात म्हणून लिहितोय.

आधी स्पीडचं. मॅच चालू असताना गेमला लागणारा डेटा किरकोळ असतो. तासभर खेळायला जेवढा लागतो तेवढा एचडी व्हिडिओ काही मिनिटांत पितो. गेमला हवं असतं ते वेगळंच: छोटी छोटी पाकिटं, सेकंदाला कित्येक, आणि प्रत्येक वेळेवर पोचलेलं. पाकीट जाऊन यायला किती वेळ लागला तो पिंग, त्या वेळेत किती चढउतार झाला तो जिटर, आणि वाटेत किती पाकिटं गहाळ झाली तो पॅकेट लॉस. व्हिडिओ पुढचा भाग आधीच भरून ठेवतो, त्यामुळे मधेच दोन सेकंद लाईन अडखळली तरी बघणाऱ्याला कळत नाही. गेमला पुढचा भाग भरून ठेवता येत नाही, कारण समोरचा कुठं पळणार हे अजून घडलेलंच नसतं. म्हणून घरातल्या टीव्हीवर सिनेमा झकास चालतो आणि त्याच वेळी शेजारच्या खोलीत 'रिकनेक्टिंग' येत राहतं. दोघंही खरं सांगत असतात.

आणि हा पोरखेळ म्हणून सोडून द्यायचा विषय राहिलेला नाही. व्हॅलोरंटसारख्या गेममध्ये मॅच अर्धवट सुटली की खेळणारा पळून गेला असं धरलं जातं. वारंवार झालं तर रांगेत घ्यायचंच बंद करतात. लाईन तुमची तुटते, शिक्षा त्याला होते, आणि टीममधले चार जण शिव्या घालतात ते वेगळंच.

आता सगळं खापर तुमच्यावर फोडायचं नाही. माझ्याकडे येणाऱ्या तक्रारींतल्या बऱ्याचशा घरातच मिटतात. राउटर हॉलमध्ये टीव्हीमागे, पोरगं आतल्या खोलीत, मधे दोन भिंती आणि एक लोखंडी कपाट. अशा घरात मी पहिलं काम करतो ते लॅन केबल टाकायचं. तेवढ्याने निम्मे प्रश्न सुटतात. केबल टाकणं शक्य नसेल तर निदान ५ गिगाहर्ट्झच्या बँडवर जा, कारण २.४ वर सगळ्या बिल्डिंगचे राउटर एकमेकांच्या उरावर बसलेले असतात. दुसरं म्हणजे, तुमच्या बॉक्सच्या पुढे हौसेने स्वतःचा महागडा राउटर लावलेला असतो, दोन्ही आपापलं नॅट करत बसतात, म्हणजे आतल्या सगळ्या यंत्रांसाठी बाहेर एकच पत्ता दाखवत बसतात. तुमच्या बॉक्सला ब्रिज मोडवर, म्हणजे पाकिटं नुसती पुढे सोडण्यावर, टाकलं की तो गुंता सुटतो. (ब्रिज मोडचा पासवर्ड मागितला की तुमच्याकडची माणसं गप्प का होतात, हे कोडं मला आजवर उलगडलेलं नाही.) कधी कम्प्युटरचा सीमॉस सेल संपलेला असतो, तारीख मागे गेलेली असते, आणि सर्टिफिकेट जुळत नाही म्हणून लॉगिनच होत नाही. वीस-तीस रुपयांचा सेल.

घरातल्या कारणांपैकी एक मात्र नीट समजून घ्या, कारण त्यात तुमचाही हात आहे. संध्याकाळी आई कामावरून येते, तिचा फोन वायफायला लागतो आणि दिवसभराचे फोटो-व्हिडिओ आपोआप वर चढायला लागतात. अपलोडची वाट भरून जाते. राउटर जादा पाकिटं फेकून न देता पोटात साठवत बसतो, आणि गेमचं इवलंसं पाकीट त्या ढिगाच्या मागे उभं राहतं. वीसवर असलेला पिंग तीनशेवर जातो. आईचा फोन बाजूला झाला की पुन्हा वीस. याला बफरब्लोट म्हणतात आणि यावरचा इलाज जुना आहे: रांगा नीट लावणारी 'एफक्यू-कोडेल'सारखी पद्धत, जी २०१८ साली आरएफसी (इंटरनेटच्या पद्धती नोंदवणारा जाहीर दस्तऐवज) म्हणून छापलीसुद्धा गेली. तुम्ही फुकट देता त्या बॉक्समध्ये ती बहुधा नसते. शिवाय काही प्लॅनमध्ये डाउनलोड शंभर आणि अपलोड जेमतेम दहा, तेही जाहिरातीत लिहायचं नाही. मग आई आणि पोरगं भांडतात.

गेम कंपन्यांचं पापही त्यांच्या पदरात टाकू. डेस्टिनी २ या गेममध्ये कनेक्शन तुटलं की पडद्यावर प्राण्याचं किंवा भाजीचं नाव येतं: बीव्हर, वीझल, कॅबेज. कोबी आली म्हणजे राउटरच्या सेटिंगकडे बघायचं, हे कुणाला सुचणार? ७ फेब्रुवारी २०२५ ला प्लेस्टेशनचं जाळं साधारण चोवीस तास बंद होतं, जगभर. सोनीने नंतर प्लेस्टेशन प्लसच्या सभासदांना पाच दिवसांची मुदत वाढवून दिली आणि कारण सांगितलं ते एवढंच की कामकाजात अडचण होती. त्या शनिवारी माझ्याकडेही राउटर बदलून बघायला लोक आले होते. याउलट फेब्रुवारी २०२४ मध्ये हेलडायव्हर्स २ बाजारात आला आणि अपेक्षेच्या कित्येक पट लोक तुटून पडले. कंपनीने एकावेळी साडेचार लाख खेळाडूंवर मर्यादा घातली आणि ती जाहीरही केली. त्यांच्या प्रमुखाने तर पैशांची चणचण असलेल्या एका माणसाला थोडं थांबून घ्या असं उघड सांगितलं. रांगेत उभं राहिलेल्याला निदान कळलं की रांग कशाची आहे. माझं तुमच्याकडे मागणं याच जातीचं आहे, पण त्याकडे येतो.

मॅचमेकिंगला वेळ लागतो त्यातही दर वेळी लाईनचा दोष नसतो. खेळाडूच्या ताकदीचा अंदाज घेऊन बरोबरीचे गडी शोधायचे, ही पद्धत बुद्धिबळातल्या इलो गुणांवरून आली. मायक्रोसॉफ्टने एक्सबॉक्ससाठी ट्रूस्किल नावाची स्वतःची केली. वरच्या रँकचा खेळाडू रात्री तीन वाजता मुंबईचा सर्व्हर धरून बसला तर त्याच्या तोडीचे नऊ जण जागे असायला हवेत ना? तिथं राउटर बंद-चालू करून काही होत नाही. तसंच डीएनएस बदलून ८.८.८.८ टाकलं की पिंग कमी होतो, ही एक अंधश्रद्धा आहे. डीएनएस फक्त नाव विचारून पत्ता सांगतो. मॅच सुरू झाल्यावर त्याला कुणी विचारत नाही. पिंग कमी करून देणारी ॲप विकणाऱ्यांबद्दल न बोललेलं बरं.

एवढं सगळं वजा केल्यावर जे उरतं ते तुमचं.

पहिली गोष्ट वाटेची. फायबरमध्ये प्रकाश सेकंदाला साधारण दोन लाख किलोमीटर धावतो. कराड-मुंबई अंतर धरा तीनशे किलोमीटर, जाऊन-येऊन सहाशे, म्हणजे तीन मिलिसेकंद. मधली यंत्रं, वळणं, सगळं धरून पंधरा होऊ द्या, वीस होऊ द्या. मुंबईत काउंटर-स्ट्राइकवाल्या वाल्व्हचे सर्व्हर आहेत, व्हॅलोरंटचे आहेत. मग माझ्या दुकानातल्या एका लाईनवर पिंग ऐंशीच्या घरात का येतो? ट्रेसर्ट (पाकीट कुठून कुठून जातं ते दाखवणारी आज्ञा) मारून पाहिलं तर पाकीट आधी चेन्नईला जातं, तिथून सिंगापूर, आणि सिंगापूरहून उलट मुंबईला. सिंगापूर इथून सुमारे चार हजार किलोमीटर. सरळ रेषेत जाऊन यायलाच चाळीस मिलिसेकंद लागतात. तुम्ही ज्या वरच्या कंपनीकडून बँडविड्थ घेता तिची त्या गेम कंपनीच्या जाळ्याशी मुंबईत जोडणी नाही, म्हणून हा वळसा. देशातलं पाकीट देशातच फिरावं यासाठी निक्सी ही संस्था २००३ साली काढली गेली. मुंबईत आता तिच्याखेरीजही एक्स्चेंज, म्हणजे जाळी एकमेकांना जोडायच्या जागा, आहेत. व्हॅलोरंट बनवणाऱ्या रायटने तर रायट डायरेक्ट नावाचं स्वतःचं जाळं उभारलंय, ते इंटरनेट पुरवठादारांशी थेट जोडणी करायलाच. क वर्गाचा परवाना असलेल्या, जिल्ह्यापुरता धंदा करणाऱ्या माणसाने मुंबईत जाऊन जोडणी घ्यावी असं मी म्हणत नाही. पण वर्षाचा करार नव्याने करताना वरच्या कंपनीला दोन ट्रेसर्ट दाखवून 'हे असं का जातं' एवढं विचारायला पैसे लागत नाहीत. भाव पाडायला मुद्दा मिळतो उलट.

समुद्रात केबल तुटली तर तुम्ही काय करणार, हे मलाही कळतं. सप्टेंबर २०२५ मध्ये जेद्दाजवळ लाल समुद्रात केबली तुटल्या, युरोपकडे जाणारा पिंग वाढला. दुबई-युरोपातल्या भावंडांबरोबर खेळणारी पोरं दोन-तीन आठवडे वैतागली होती. एक मेसेज तुमच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर टाकला असता की 'समुद्रात केबल तुटली आहे, युरोपचे सर्व्हर हळू चालतील, मुंबई-सिंगापूर ठीक आहेत', तर माझ्या दुकानातली गर्दी कमी झाली असती आणि तुमच्या फोनवरचीही. त्या ग्रुपवर तुम्ही गणपतीच्या शुभेच्छा नेमाने टाकता.

आता मुख्य दुखणं. बारावीतला एक पोरगा दुकानात येतो, हुशार आहे. त्याने घरच्या जुन्या कम्प्युटरवर माइनक्राफ्टचा सर्व्हर टाकला, मित्रांनी एकत्र येऊन खेळावं म्हणून. राउटरमध्ये शिरून २५५६५ नंबरचं पोर्ट (पाकिटांच्या ये-जा करण्याचं नंबर दिलेलं दार) उघडलं, विंडोजच्या फायरवॉलमध्ये परवानगी दिली, कम्प्युटरला घरातला पत्ता कायमचा बांधून दिला. सगळं पुस्तकाबरहुकूम. तरी पलीकडच्या गल्लीतल्या मित्राला सर्व्हर दिसेना. त्याने कस्टमर केअरला फोन लावला, मी शेजारीच उभा होतो.

'सर, माझं पोर्ट फॉरवर्डिंग चालत नाहीये.'

'पोर्ट म्हणजे? पिन मोडली का?'

'नाही, २५५६५ ओपन केलंय पण बाहेरून येत नाही.'

'नेट चालू आहे ना? यूट्यूब लागतं?'

'लागतं.'

'मग लाईन ओके आहे.'

आणि तक्रार बंद झाल्याचा मेसेज फोन ठेवायच्या आत आला.

मी राउटरचं स्टेटसचं पान उघडलं. वॅन आयपी, म्हणजे राउटरला कंपनीकडून मिळालेला पत्ता, होता १००.७२ ने सुरू होणारा. ब्राउझरमध्ये 'माझा आयपी काय' विचारलं तर आला तिसराच कुठला तरी. तिथेच निदान झालं. १००.६४ पासून १००.१२७ पर्यंतचा हा पट्टा एप्रिल २०१२ मध्ये मुद्दाम राखून ठेवला गेला तो याच कामासाठी: इंटरनेट कंपनीने आपल्या गिऱ्हाइकांना आत हे पत्ते द्यायचे आणि बाहेर शंभर-दोनशे घरांमागे एकच खरा पत्ता वापरायचा. कॅरिअर ग्रेड नॅट, सीजीनॅट. काही जण त्या जागी १० ने सुरू होणारे पत्ते देतात, अर्थ तोच. वाचणाऱ्या कुणालाही आपल्या घरी हे दोन आकडे ताडून बघता येतील. मधे दुसरा राउटर नसताना जुळले नाहीत तर तुम्ही सीजीनॅटच्या आत आहात आणि घरच्या राउटरमध्ये कितीही पोर्ट उघडलीत तरी उपयोग नाही.

तुम्ही हे का करता ते मला ठाऊक आहे. जुन्या पद्धतीचे (आयपीव्ही४) पत्ते जगात मिळून सुमारे ४२९ कोटी. जागतिक साठा ३ फेब्रुवारी २०११ ला वाटून संपला, आणि आपल्या आशिया-पॅसिफिकचा त्याच वर्षी एप्रिलमध्ये शेवटच्या राखीव हिश्श्यावर आला. त्यानंतर धंद्यात उतरलेल्या छोट्या माणसाला पत्ते मिळतात ते मूठभर, नाहीतर बाजारातून एकेकासाठी काही हजार रुपये मोजून. चार हजार कनेक्शनं आणि हातात दोनशे-अडीचशे पत्ते असतील तर वाटून वापरण्यावाचून इलाज नाही. हे मला मान्य आहे. माझी तक्रार सीजीनॅट लावल्याची नाही. ते लपवल्याची आहे, आणि कसंतरी लावल्याची.

वाटून वापरल्याने खेळणाऱ्याचं काय होतं? वाड्यात पन्नास बिऱ्हाडं आहेत, पत्ता एकच आणि दारावर रखवालदार. आतून कुणी पत्र धाडलं तर त्याचं उत्तर आलं की रखवालदाराला आठवतं कुणाच्या घरात द्यायचं. पण बाहेरून कुणी पाहुणा पहिल्यांदाच आला तर तो कुणाकडे आलाय हे त्याला कळत नाही, तो दारातूनच परत पाठवतो. सगळे गेम एका मोठ्या सर्व्हरवर चालत असते तर हे चाललं असतं, कारण तिथं नेहमी आतूनच सुरुवात होते. पण जीटीए ऑनलाइनमध्ये खेळाडूंची यंत्रं एकमेकांशी थेट बोलतात. बऱ्याच फायटिंग गेममध्येही तसंच. तिथं प्रत्येक जण दुसऱ्याचा पाहुणा असतो. दार किती उघडं आहे त्यावरून एक्सबॉक्स नॅटला ओपन, मॉडरेट, स्ट्रिक्ट म्हणतं, प्लेस्टेशन टाइप १, २, ३. स्ट्रिक्ट असलेला फक्त ओपनवाल्याशी जुळतो. आपल्याकडे एकाच गल्लीतली, एकाच कंपनीची गिऱ्हाइकं सगळीच स्ट्रिक्ट. त्यामुळे शेजारी-शेजारी राहणारे दोन मित्र एका लॉबीत येऊ शकत नाहीत आणि पोलंडमधला कुणीतरी मात्र लगेच जोडला जातो. 'मॅच सापडत नाही' याचं हे कारण कुठल्याच एरर कोडमध्ये लिहिलेलं नसतं. मॅचमेकिंग गडी शोधून देतं, जोडायला जातं, जोड लागत नाही, पुन्हा शोधायला लागतं. पोराला फक्त चक्र फिरताना दिसतं.

गेम बनवणाऱ्यांनी यावर युक्ती काढलेली आहे. दोन्ही यंत्रं आधी मधल्या एका सर्व्हरला विचारतात, 'बाहेरून मी कुठल्या पत्त्यावर, कुठल्या पोर्टवर दिसतोय?' मग दोघं एकाच वेळी एकमेकांकडे पाकीट फेकतात, म्हणजे दोन्हीकडच्या रखवालदारांना वाटतं की आपल्याच माणसाने आधी हाक मारली होती. होल पंचिंग म्हणतात त्याला. पण ते चालायला एक अट आहे: तुमच्या नॅटने एका यंत्राला बाहेर जे पोर्ट दिलं, ते समोर कुणीही असला तरी तेच ठेवलं पाहिजे. दर नव्या माणसासाठी नवं पोर्ट दिलं की विचारून घेतलेला पत्ता खोटा ठरतो.

ही अट मी मनाने घातलेली नाही. आरएफसी ४७८७ मध्ये २००७ पासून लिहिलेली आहे. तिथंच हेही लिहिलंय की यूडीपीची (गेम बहुधा ज्या पद्धतीने पाकिटं पाठवतात तिची) नोंद दोन मिनिटांच्या आत पुसायची नाही. २०१३ च्या आरएफसी ६८८८ ने हेच नियम सीजीनॅटला लागू केले. आणि आपल्याकडे? नोंदी तीस सेकंदांत पुसल्या जाताना मी पाहिल्या आहेत. पोरगं लॉबीत मित्राची वाट बघत गप्प बसतं, तेवढ्यात नोंद पुसली जाते, आणि मॅच सुरू होताच 'कनेक्शन लॉस्ट'. तुमच्यापैकी बहुतेकांच्या कपाटात मायक्रोटिक कंपनीचं राउटर-यंत्र आहे, ते मी स्वतः पाहिलंय, काही ठिकाणी तर मीच बसवून दिलंय. त्यावर चालणाऱ्या राउटर ओएसच्या सातव्या आवृत्तीत एंडपॉइंट इंडिपेंडंट नॅट नावाची सोय आहे, यूडीपीपुरती, म्हणजे गेमला हवी तीच. साधं मास्करेड (नेहमीचं नॅट) लावून सोडून दिलेल्या ठिकाणी ही दोन ओळींची भर आणि टाइमआउटचा एक आकडा. एखाद्या रविवारी पहाटे करून बघा. नाही जमलं तर मला बोलवा, चहा पाजा, बास.

पोर्टांचा हिशोबही एकदा मांडा. एका पत्त्यामागे पोर्ट असतात ६५,५३६. दोनशे घरं बसवली तर घराला सव्वातीनशेच्या आसपास. आज एका घरात चार मोबाईल, टीव्ही, लॅपटॉप, कॅमेरा. संध्याकाळी सगळे चालू झाले की तेवढी कधीच संपतात, आणि मग नवं कनेक्शन उघडतच नाही. जुनी उघडलेली चालत राहतात, म्हणून यूट्यूब सुरू आणि गेमचं लॉगिन बंद. 'यूट्यूब लागतं?' हा प्रश्न म्हणून निरुपयोगी आहे.

खरा उपाय आयपीव्ही६, म्हणजे पत्त्यांची नवी पद्धत, हे तुम्हाला सांगायची गरज नसावी. त्यात पत्त्यांचा तुटवडा नाही, वाटून वापरायची भानगड नाही. भारत आज आयपीव्ही६ वापरण्यात जगात आघाडीवर आहे, पण ते मोबाईल कंपन्यांच्या जिवावर. त्याच बारावीच्या पोराच्या फोनवर आयपीव्ही६ आहे आणि घरच्या फायबरवर नाही. सगळे गेम अजून आयपीव्ही६ वर बोलत नाहीत, मान्य. पण माइनक्राफ्टची जावा आवृत्ती बोलते, एक्सबॉक्स बोलतो. आणि जेवढी वाहतूक तिकडे जाईल तेवढं तुमचं नॅट मोकळं होईल. यूट्यूब आणि व्हॉट्सॲप तर पहिल्या दिवसापासून तिकडे जातील.

गर्दीबद्दल थोडंच लिहितो, कारण ते तुम्हालाही पाठ आहे. रात्री नऊ ते अकरा पॅकेट लॉस सुरू होतो, अकरानंतर जातो. वरची लाईन भरलेली असते. दूरसंचार नियामक असलेल्या ट्रायच्या २००६ च्या ब्रॉडबँड नियमावलीत लिहिलं होतं की गर्दीच्या तासात जोडणीचा वापर ऐंशी टक्क्यांच्या आत हवा, पॅकेट लॉस एक टक्क्याच्या आत हवा, आणि गिऱ्हाइकाच्या जवळच्या केंद्रापासून निक्सी किंवा आंतरराष्ट्रीय गेटवेपर्यंत १२० मिलिसेकंदांच्या आत पोचायला हवं. ऑक्टोबर २०२४ पासून नवी नियमावली लागू आहे. म्हणजे पिंग आणि पॅकेट लॉस ही पोरांची थेरं नाहीत, नियामकाने तुमची सेवा मोजायला वापरलेली मापं आहेत. स्पीड टेस्ट दाखवून त्यांचं उत्तर होत नाही.

तेव्हा मागणं काय आहे ते सांगतो. कनेक्शन देतानाच सांगा, छापून सांगा, की पत्ता वाटून दिलेला आहे की स्वतंत्र. स्वतंत्र पत्त्याचे जादा पैसे घ्या, कुणी नको म्हणत नाही, पण दर पावतीपुस्तकाच्या मागे छापा. एकाला फुकट, दुसऱ्याला महिना दोनशे आणि तिसऱ्याला 'अशी सोय नाही', हे एकाच कंपनीकडून एकाच आठवड्यात ऐकलंय मी. आयपीव्ही६ चालू करा. फोन उचलणाऱ्या मुला-मुलींना तीन प्रश्न शिकवा: वायरवर आहे का, कुठला गेम आणि कुठला सर्व्हर, आणि दिवसभर होतं की ठरावीक वेळी. एवढ्या उत्तरांवरून घरचा दोष, गेमचा दोष आणि तुमचा दोष निम्म्याहून जास्त वेळा फोनवरच वेगळा निघतो. लाईनमनला स्पीड टेस्टच्या जोडीला पिंग लावून पाच मिनिटं बसायला सांगा: एक पिंग राउटरला, एक तुमच्या गेटवेला, एक मुंबईतल्या सर्व्हरला. पहिल्यातच हिसके असतील तर वायफाय, दुसऱ्यात असतील तर फायबर, जोडणी किंवा तुमचं कपाट, फक्त तिसऱ्यात असतील तर वरची कंपनी. आणि पोरगं ट्रेसर्टचा स्क्रीनशॉट पाठवतं तेव्हा तो उघडून बघा. तुमचाच दोष तो फुकटात शोधून देतोय.

पुढच्या महिन्यापासून दुकानाच्या काचेवर एक यादी लावणार आहे. त्यात फक्त चार रकाने: कंपनीचं नाव, स्वतंत्र पत्ता मिळतो का आणि केवढ्याला, आयपीव्ही६ आहे का, मुंबईच्या सर्व्हरला रात्री दहाचा पिंग किती. नवीन कनेक्शन कुणाचं घेऊ असं विचारणारे रोज दोघं-तिघं येतात, त्यांना ती दाखवीन. पिंगचा रकाना मी स्वतः मोजून भरीन. मधले दोन तुम्हीच कळवलेत तर बरं, नाहीतर तिथं 'सांगितलं नाही' असं लिहावं लागेल.

आपला,
कराडमधला एक कम्प्युटरवाला